कच्चा आवाज

संगीतकाराने माइकचा दांडा गायिकेच्या ओठांच्या उंचीला आणला आणि रस्त्याचा आवाज येऊ नये म्हणून खिडकीवर रजई अडकवली. छोट्या, स्वतंत्र सिनेमांचं संगीत त्याने आयुष्यभर याच झोपायच्या खोलीत केलं होतं. कौतुक भरपूर झालं, स्टुडिओ काही झाला नाही.

"सर, काकूंचा आवाज ऐकतच गाऊ ना?" हेडफोन चढवत गायिकेने विचारलं.

त्याने होकारार्थी मान हलवली.

अशा सिनेमांत गायिका ठरेपर्यंत चाल कळावी म्हणून कुणीतरी गाणं कच्चं गाऊन ठेवतं. या घरात ते काम बायकोचं. पुढे गायिकेने ते ऐकत पक्कं गायलं, की संगीतकार कच्चा आवाज पुसून टाकायचा. कामाची शिस्तच होती ती. बायकोची तक्रार नसे. मी म्हणजे रंगाआधीचा पहिला हात, दिसला तर कामात खोट, असं ती आल्यागेल्याला हसत सांगायची. हे गाणं गाताना मात्र तिला दम घ्यायला खुर्चीत बसावं लागलं. त्यानंतर ती फार दिवस राहिली नाही.

तिचाच आवाज सिनेमात राहू देता येईल का, असं त्याने दिग्दर्शिकेला विचारून पाहिलं होतं. कुणाकडे काही न मागणारा माणूस. शब्द जुळवायलाच त्याला वेळ लागला. तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली की सिनेमात हे गाणं म्हणणारी मुलगी शाळकरी आहे, आणि या आवाजाला धाप लागते. तिचं बरोबर होतं. तिच्या जागी तोही हेच म्हणाला असता.

"सर, कानात फार मोठं येतंय," गायिका म्हणाली. "बाहेर सांडतंय. माइक पकडेल."

हेडफोनमधून सांडलेला आवाज माइकमध्ये शिरला, की गाण्याच्या मागे तो पुसट उमटतो आणि मग काही केल्या निघत नाही. तेवढ्यासाठी त्याने भल्याभल्यांना पुन्हा गायला लावलं होतं. हिलाही, गेल्या सिनेमात, डोळ्यांत पाणी येईपर्यंत.

आवाज वाढवायच्या बटणावरचं बोट त्याने काढलं नाही.

"असू दे."

"मिक्सिंगला धरतील, सर. साफ करा म्हणतील."

"म्हणतील. सांगीन, साफ होत नाही."

गायिका त्याच्याकडे बघत राहिली. त्याने चष्मा काढला, सदऱ्याला पुसला, पुन्हा चढवला.

"कुठून घेऊ?" तिने विचारलं.

"पहिल्यापासून."

हेडफोनमध्ये कच्च्या आवाजाने सूर धरला. गायिकेने एक बाजू कानावरून उचलली, त्या बाजूचं तोंड माइककडे वळवलं आणि पहिली ओळ गायली, जितकी हळू गाता येईल तितकी.