राखेतलं झुडूप

"माणसाच्या राखेत झाड जगतं का हो?"

प्रश्न तिच्या तोंडून सुटला आणि नर्सरीच्या फाटकाआड लपलेल्या दोघी मैत्रिणी चिडीचूप झाल्या. पैज त्यांनीच लावली होती. "विचारून दाखव, तर तू खरी," असं जाडी म्हणाली होती. दुसरीने, सळईने, तर नाकच मुरडलं होतं. "ही विचारणार? वर्षापूर्वी हजेरी द्यायलासुद्धा हिला धाप लागायची!"

खोटं नव्हतं ते. तेव्हा घरातलं बोलायचं खातं टिल्लूकडे होतं. टिल्लू म्हणजे तिचा धाकटा भाऊ, नऊ वर्षांचं अखंड चालणारं तोंड. गेल्या हिवाळ्यात त्याचा ताप छातीत उतरला, दवाखान्यातून तो परत आलाच नाही, आणि घर असं मुकं झालं की चमचा पडला तरी सगळे दचकायचे. कुणीतरी बोलायला हवं म्हणून हिने तोंड उघडलं. आता वर्गात बाईसुद्धा हिच्यापुढे हात टेकायच्या. फक्त घरामागच्या झुडपाचा विषय निघाला की हिची जीभ टाळ्याला चिकटायची.

नर्सरीवाल्या मावशींनी हातातली कुंडी खाली ठेवली. "कुठलं झाड?"

"फुलपाखरांचं. जांभळ्या तुऱ्यांचं झुडूप. तुमच्याकडूनच नेलेलं."

"आणि राख?"

"भावाची. त्याला हे झाड हवं होतं. म्हणून आईबाबांनी..."

"किती घातली?"

"सगळी. खड्ड्यात, मुळांखाली."

मावशींनी मातीचे हात पदराला पुसले. मग म्हणाल्या, "चिमूटभर मातीत मिसळली असती तर झाडाला पत्ताही लागला नसता. सगळी म्हणजे मिठागरात लावल्यासारखं झालं गं. पानं कडेने करपलीत?"

"हो. आणि आई रोज बादलीभर पाणी घालते."

"घालणारच. सुकलं की तहानलंय असंच वाटतं माणसाला. ऊन आहे का तिथे?"

"भिंत आणि टाकीच्या मध्ये आहे. ऊन भिंतीवरच संपतं."

"मग कसं जगायचं त्याने? या झुडपाला दिवसभर अंगावर ऊन लागतं. माती भुरभुरीत, पाणी मुरून जाणारी. आणि हिवाळा सरता सरता गुडघ्याएवढं छाटायचं, दयामाया न करता. फूल नव्या फांदीलाच येतं."

"आमच्याकडे कुणी कात्री लावू देत नाही."

"तर मग आशा सोड. आत्ता उकरून, मुळं धुवून, उन्हात लावलंस तर कदाचित जगेल. कदाचितच हं."

"आणि राख?"

"ते मला नको विचारूस, बाळ. ते तुमच्या घरचं."

परतताना जाडी रडून लाल झाली होती. "पैज हरले मी. आइस्क्रीम देते."

"उद्या दे. आज घरी भांडण आहे."

मागची ती जागा बाबांनी निवडली होती. पुढे लावलं तर येणारा-जाणारा विचारणार, कसलं झाड, कुणी लावलं. मागे कुणी येत नाही. बाबा स्वतःही येत नसत. आई मात्र सकाळी तिथे बसायची, करपलेलं पान कुरवाळायची, आणि "पी रे, पी," म्हणत बादली रिती करायची.

ती घरी पोचली, दप्तर फेकलं आणि खुरपं घेऊन थेट मागे गेली. माती चिखल झालेली. वीतभर खाली खुरपं खट्कन अडलं. राखेचा पांढुरका थर ओला होऊन ढेकळासारखा घट्ट बसला होता. तिने एक मूळ बोटात धरलं, तर त्याची साल मोज्यासारखी निघून हातात आली. आत तपकिरी, कुजका वास. वरच्या एका फांदीला नखाने खरवडलं, तर तिथे हिरवी रेघ दिसली. बारीक, पण ओली.

"हात काढ!" आई दारात होती. "काढ म्हणते ना! त्याला का उकरतेस?"

"आई, झाड मरतंय."

"मरत नाहीये. पाणी कमी पडतंय त्याला."

"पाण्यानेच मरतंय! पाण्याने आणि राखेने."

आईने तिच्या गालावर चापट मारली. आजवर कधी मारली नव्हती. आवाज ऐकून बाबा धावत आले, उघड्या खड्ड्यातला पांढुरका थर त्यांनी पाहिला आणि भिंतीला हात टेकून उभे राहिले.

"झाक ते," बाबा म्हणाले. "पाया पडतो तुझ्या, झाक."

"तुम्हाला हे झाड टिल्लू वाटतं," ती म्हणाली. गाल जळत होता, आवाज मात्र थरथरत नव्हता. "म्हणून कात्री नाही, ऊन नाही, आणि आई रोज त्याला बुडवतेय."

आई मटकन खाली बसली. "गेलं तर मी काय करू गं? पुन्हा काय करू?"

ती आईशेजारी चिखलात बसली, मातीचा हात फ्रॉकला पुसला.

"मी विचारत नाहीये, सांगतेय," ती म्हणाली. "उद्या मी शाळेत जाणार नाही. झुडूप उपटणार, मुळं धुणार, गुडघ्याएवढं छाटणार आणि पुढे लावणार, उन्हात. कुणी विचारलं तर मी सांगेन कुणासाठी लावलंय ते. टिल्लू इथेच राहील, याच मातीत. आणि झाड नाहीच जगलं, तर झाड मेलं म्हणायचं. तो पुन्हा गेला, असं या घरात कुणी म्हणायचं नाही."