माझा आवाज आणि चंदेऱ्यांच्या उड्या

मित्रांनो, होडीघराच्या कोपऱ्यात गोणपाटाखाली जे धूड दिसतंय ना, ते मी! नावाड्याच्या होडीचं जुनं इंजिन. म्हातारा झालो म्हणून बसवलंय असं समजू नका हं. अजूनही दोरीच्या एका हिसक्यात सुरू होईन. पण मला गप्प केलंय, आणि ते बरोबरच आहे.

माझा आवाज म्हणजे माझी शान! कारखान्यात पहिल्यांदा सुरू केलं, तेव्हा फिटर कानांवर हात ठेवून म्हणाला, "बापरे, काय घसा आहे!" माझी धडधड ऐकली की पलीकडे जाणारे लोक अर्धा चहा टाकून धावत सुटायचे. नावाड्याची लेक चिमणी म्हणायची, "बाबा, हा गातोय बघा!" मी नुसता फुगून जायचो.

एकदा काठावरच्या तळेवाल्याने तळं बुजवायला काढलं. शेवाळ साफ करतात म्हणून त्याने परदेशी चंदेरे मासे पाळले होते. उरलेली बोटभर पिल्लं बादलीत घालून तो आला. "मारवत नाहीत हो."

"आण इकडे. नदीला काय जड आहेत?" नावाडी म्हणाला.

बादली मीच नदीच्या मधोमध नेली. पिल्लं पाण्यात पडली तेव्हा चिमणीने टाळ्या वाजवल्या. केवढं पुण्याचं काम!

काही वर्षांत नदीची रयाच गेली. चंदेरे हातभर वाढले, बघावं तिकडे तेच. पाण्यातलं बारीक खाद्य त्यांनी फस्त केलं आणि नदीच्या मूळच्या माशांची पिल्लं उपाशी राहिली. त्यात चंदेरा इंजिनाच्या आवाजाने बिथरतो. मी गर्जलो की पाण्यातून धोंडे उडावेत तशा उड्या! एकाने पोस्टमनची टोपी उडवली, तेव्हा सगळे खिदळले. "दादा, आज तुमचंच टपाल आलं!"

हसलो तिथेच चुकलो.

त्या सकाळी चिमणीला शाळेला उशीर झाला होता. "बाबा, जोरात घ्या ना! बाई वर्गाबाहेर उभं करतील."

मी खुशीत येऊन गायलो. आणि मी गायलो म्हणूनच एक चंदेरा उडाला, थेट तिच्या तोंडावर.

"बाबा, डोळा! दिसत नाहीये!"

दवाखाना पलीकडच्या काठावर. मी सुरू राहिलो तर आणखी मासे उडणार, बंद पडलो तर उशीर होणार. नावाड्याने मला बंद केलं आणि वल्ही उचलली. तळहात सोलेपर्यंत त्याने वल्ही मारली. मी मात्र मागे मुकाट लटकत होतो.

चिमणीला आता त्या डोळ्याने फक्त धूसर उजेड दिसतो. घरी आल्यावर तिने एकदाच विचारलं, "बाबा, आपणच सोडले होते ना?" नावाड्याने मला होडीवरून उतरवलं आणि गोणपाटाखाली ठेवलं.

मित्रांनो, दया जरूर करा, पण आधी जाणत्या माणसाला विचारा. पाळलेला मासा, एवढासा असला तरी, नदीत सोडू नका. त्याला वाचवताना कुणाचं घर बुडतं, ते बादलीत बघून कळत नाही.

चिमणी अधूनमधून येते. गोणपाट सारून मला तेलाच्या फडक्याने पुसते. "तुझी चूक नाही रे," म्हणते.

तिला उत्तर द्यावंसं फार वाटतं. पण माझ्याकडे तो एकच आवाज आहे.