पाचवा तुकडा

झाडीपट्टीच्या नाटकात राजा झालेल्या मनसारामभाऊंची डीव्हीडी चरे पडून अडकू लागली, म्हणून चिमूरच्या साधनाने ती आपल्या कॉम्प्युटरवर उतरवून घेतली. फोल्डरात नाटकाचे पाच तुकडे झाले. आता प्रश्न होता प्लेअरचा. पहिला प्लेअर अडेल बैलासारखा प्रत्येक तुकड्याच्या शेवटी बसायचा. तीन दिवस डोकेफोड करून साधनाने दुसरा शोधला. तो अख्खा फोल्डर उघडून नाटक सलग दाखवायचा.

भाऊंनी दोन्ही पाहिले आणि म्हणाले, "पहिलाच राहू दे, बाई."

साधना चिडली. "काऊन? तो तर मधातच थांबते, भाऊ!"

"थांबू दे ना. चौथ्या तुकड्यापर्यंत मी राजा आहो. पाचव्यात मले मारतेत."