युखीमची शेंडी

माझा नवरा युखीम डोक्यावर शेंडी घेऊन सगळ्या कीवभर हिंडला, आणि तेही एका सिनेमापायी. तो त्याचा पहिला आणि शेवटचा सिनेमा.

नाटकात पडेल ते काम करणाऱ्या या माणसाला स्टुडिओने जुन्या काळच्या लढवय्या कोसाकांच्या सरदाराची भूमिका दिली. डोकं तासलं, टाळूवर तेवढी कोसाकांची असते तशी लांब शेंडी ठेवली. उन्हाळाभर द्नीपर नदीच्या काठी शूटिंग झालं आणि अचानक वरून हुकूम आला की जुन्या कोसाकांचं कौतुक फार होतंय, गोष्ट बदला. काम थांबलं. दिग्दर्शक हाव्रिलो सेमेनोविच म्हणाले, केसांना हात लावायचा नाही, आज-उद्या बोलावणं येईल. नकली शेंडी लावली तर जवळून कळते म्हणे.

आज-उद्या करता करता वर्ष गेलं. नाटकात शेंडीवाल्याला कोण घेणार? माझ्या आईला मात्र आयतंच सापडलं. "जावईबापू, बोर्श्चचं सूप वाढू, की आधी शेंडी मागे घेता?" असं ती जेवताना हमखास विचारायची.

मग ओडेसाहून निरोप आला. आजच्या काळातली गोष्ट, शाळामास्तरची भूमिका, पहिल्यापासून शेवटपर्यंत तोच. फक्त केस वाढवायला हवेत. मी तर हरखूनच गेले. युखीम हाव्रिलो सेमेनोविचना विचारायला गेला आणि नकार ठरवूनच परत आला.

"महिन्याभरात सुरू करताहेत," तो म्हणाला. "सरदार मित्राच्या प्रेतापाशी टोपी काढून उभा राहतो, तो प्रसंग राहिलाय. तसं काम मला पुन्हा मिळायचं नाही, मेलान्या."

"आणि मास्तर?"

"मास्तर काय, कुणीही करेल."

केलाच कुणीतरी. त्याचे फोटो आता टपरीटपरीवर विकायला असतात. ते दिसले की माझ्या अंगाचा तिळपापड होतो.

महिना कसला, पुढचा हिवाळा उजाडला. शूटिंग बर्फात झालं. तो प्रसंग युखीमने असा केला की कॅमेऱ्यामागची माणसं डोळे पुसत होती. कितीतरी दिवस तो घरात शीळ घालत फिरायचा.

सिनेमा लागला तेव्हा आम्ही आईलाही घेऊन गेलो. नदीकाठचा उन्हाळा कुठेच नव्हता. होता नुसता बर्फ, घोडे आणि भुवयांपर्यंत कातडी टोपी ओढलेला माझा नवरा. बोलतानाही टोपी, जेवतानाही टोपी. मी मनात म्हटलं, असू दे, तो प्रसंग येतोय. मित्र पडला. युखीम त्याच्याकडे चालू लागला, आणि पडद्यावर एकदम गव्हाची शेतं डोलायला लागली.

आई जराशाने त्याच्याकडे वाकली. चेष्टेचा सूर नव्हता.

"जावईबापू, टोपी का नाही हो काढलीत?"

"काढली होती, आई," तो म्हणाला. "तेवढंच कापलंय."