शेषनागाच्या लाह्या

“बोट बुडवलं की न्हाई बाई, आस्सं चटकन वढून घ्यावं वाटतंय. बर्फाचंच पाणी ते! अन् निळं कसं? आपल्या कपड्याच्या निळीला बी तेवढा रंग न्हाई.”

पार्वतीबाई हे बोलली आणि कुसुमबाईच्या हातातली शेवई तटकन तुटली. पूर्णेच्या रेल्वे क्वार्टरमध्ये बायका शेवयांच्या पाटाभोवती बसल्या होत्या. वसरी कुसुमबाईची, पाट कुसुमबाईचा, चहाही तिचाच; आणि कौतुक मात्र चाललं होतं पार्वतीबाईचं. गेल्या पावसाळ्यात नवरा आणि सासरा यांच्याबरोबर ही बया रेल्वेच्या पासवर काश्मीर पाहून आली होती. तिथं डोंगरात खूप उंचावर शेषनागाचं तळं आहे. वाटाड्या घ्यायचा, पहाटे घोड्यावरून निघायचं, तळं पाहायचं आणि दिवस मावळायच्या आत खाली यायचं. आल्यापासून तिच्या तोंडी दुसरा विषय नव्हता. हळदीकुंकू असो की बारसं, गाडी फिरून फिरून त्याच स्टेशनात यायची.

“मंग नागोबा दिसला का वो?” लक्ष्मीबाईनं विचारलं. समोरच्या क्वार्टरात नुकतीच लग्न होऊन आलेली पोर ती, तिला सगळ्याचंच नवल.

“दिसतो म्हंजे? तळ्याच्या मागं सात शिखरं हायेत, सात फड्यावानी. मी पाण्यात लाह्या सोडल्या. म्हणलं, बाबा, चार भाऊ दिलेस मला, आता तू पाचवा!”

झालं! कुसुमबाईच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

कुसुमबाई सोनपेठची. आईबापाची एकुलती एक. ना पुढं भाऊ, ना पाठीवर. लहानपणी पंचमीला बाकीच्या पोरींचे भाऊ झोके द्यायला लागले की ही रडत घरी यायची. मग आई म्हणायची, “आगं येडे, जिला भाऊ न्हाई तिचा नागोबा भाऊ.” ते तिनं गाठीला बांधून ठेवलं. दरवर्षी त्याच्या नावानं उपास धरायचा, पाटावर चंदनाचा नाग काढायचा, त्याच्यापुढं लाह्या-दूध ठेवायचं. आईबाप गेले, सोनपेठचं घर मिटलं, तरी तेवढा भाऊ राहिला होता.

आणि इकडं पार्वतीबाई! पिंगळीला तिचे चार भाऊ. पिंगळीला स्टेशन आहे, बसलं की पूर्णेला उतरता येतं. पण नाही! पंचमी आली की बहिणीला माहेरी न्यायला मूळ यायचं ते बैलगाडीनंच, बैलांच्या गळ्यात घुंगरमाळा, शिंगांना रंग. सगळी क्वार्टरं दारात. कुसुमबाईही दारात उभी राहून हसून निरोप द्यायची आणि गाडी वळली की आत जाऊन पितळी भांडी आपटायची. भांड्यांना पोचे पडले होते, ते उगाच नाही.

आता चार भाऊ असलेल्या बाईनं हिच्या एकुलत्या भावावर हक्क सांगावा? आयत्या बिळात नागोबा म्हणतात तो असा!

संध्याकाळी सूर्यभान लोकोशेडमधून आला. तो तिथं फिटर होता. घासलेटच्या बोळ्यानं हातावरचं काळं पुसत होता, तेवढ्यात तिनं सुरू केलं.

“आवं, पास काढा.”

“कुठला?”

“काश्मीरचा.”

सूर्यभान हसला. “पार्वतीबाईच्या तळ्यावर जायचं का?”

“तिचं कधीपासून झालं ते? तिच्या बापानं खंदलंय का?”

“आगं, तिरुपतीला जाऊ की. देवाचं देव, अन् गर्दीत कुनी घोड्यावर बसा म्हणायचं न्हाई.”

“तिरुपती काय माझा भाऊ हाय?”

त्यानं बोळा फेकला आणि जेवायला बसला. दुसऱ्या दिवशी साहेबापुढं पासाचा अर्ज गेला.

आषाढात दोघं निघाली. कुसुमबाईनं ज्वारीच्या लाह्या भाजून पांढऱ्या फडक्यात बांधून घेतल्या होत्या. ते गाठोडं तिनं रेल्वेत मांडीवरून खाली ठेवलं नाही. एकदा सूर्यभाननं ते उशाला घेतलं, तर भरल्या डब्यात ओरडली, “डोक्याखाली काय घेताव? माझ्या भावाचा फराळ हाय तो!” समोरचा सरदारजी दचकून सरकून बसला.

गाडीरस्ता जिथं संपतो तिथं दोघं एका पहाटे उतरली. नदी नुसती गर्जत होती. एका चहाच्या तंबूपाशी घोडी बांधलेली. रमजान नावाचा वाटाड्या ठरला. सूर्यभान त्याच्याशी आपल्या हैदराबादी थाटात बोलायला लागला, “क्या मियाँ, कित्ते बजे पहुँचाते ऊपर?” आणि रमजानला त्या बोलीचं हसू आवरेना. दोघं घोडी बघायला गेले.

कुसुमबाई तंबूत बसली. लाह्यांना ओल लागली का बघावं म्हणून तिनं गाठ सोडली, तर म्हातारा चहावाला वाकून बघायला लागला.

“अरे, ये तो ज्वार की है ना? पिछले साल भी एक बहन लाई थी. ऐसी ही साड़ी, पीछे बाँधी हुई.”

कुसुमबाईचे कान टवकारले. “कौन बहन? गोरी? ठिंगनी?”

“हाँ, हाँ. नाक में बड़ा मोती. आदमी और ससुर घोड़े पे ऊपर गए. वो नहीं गई.”

“नहीं गई?”

म्हाताऱ्यानं मान हलवली. सासऱ्यासमोर घोड्यावर पाय टाकून कशी बसू, म्हणत होती म्हणे. दिवसभर तंबूतच बसून राहिली. संध्याकाळी ते दोघं खाली आले, तर त्यांना सोडीना. पाणी कैसा था, रंग कैसा था, पहाड़ कितने थे, पुन्हा पुन्हा तेच विचारत होती. जाताना लाह्या सगळ्या म्हाताऱ्याला देऊन गेली. “बहुत अच्छी थी,” तो म्हणाला, आणि पुन्हा गाठोड्याकडे बघितलं.

कुसुमबाईनं त्याला मूठभर लाह्या दिल्या. अहो, मूठभर काय, तिनं त्या वेळी त्याला गळ्यातलं डोरलंही दिलं असतं! बोट बुडवलं म्हणे! चटकन वढून घ्यावं वाटतंय म्हणे! वर्षभर साऱ्या पूर्णेला निळ्या पाण्यात बुचकळून काढलं, आणि स्वतः बसली होती इथं, चुलीपाशी. कुसुमबाईच्या मनात दिवाळी झाली.

“बसतीस का लाजतीस?” सूर्यभान घोडं घेऊन आला होता.

“लाजायला इथं माझा सासरा हाय का?” तिनं कासोटा सावरला, खोच घट्ट केली आणि दगडावर पाय देऊन चढली. घोडं हललं तशी “आगं माय!” म्हणून ओरडली, पण उतरली नाही.

चढ असा की घोड्याचे कान आभाळाला लागलेले. एका अंगाला दरी. वर वर जाईल तसा दम कोंडायला लागला, ओठ फुटले. रमजान म्हणायचा, नीचे मत देखो. कुसुमबाईला कुठं खाली बघायला सवड होती? घोडं डोंगर चढत होतं आणि ती पूर्णेत होती. नळावर सांगावं का? छे, नळावर दोघीचौघीच असतात. पंचमीच्या झोक्यावर सांगावं, सगळ्या असतात तेव्हा. आधी पार्वतीबाईला बोलू द्यावं, निळं म्हणू द्यावं, सात शिखरं म्हणू द्यावं. मग हळूच विचारावं, “तंबूतला चहा कसा व्हता वो?”

दुपारी रमजाननं घोडी थांबवली. “आ गया,” म्हणाला.

“कुठंय?”

त्यानं हात केला. तिकडं काहीच नव्हतं. धुकं होतं. खाली धुकं, वर धुकं, समोर धुकं. रमजानचा हात धरून कुसुमबाई दगडगोट्यांवरून खाली गेली तेव्हा पायापाशी पाणी लागलं. तांदळाच्या धुवणासारखं पांढुरकं. हातभर दिसायचं, पुढं सगळं पुसलेलं. शिखरं एक नाही की दोन नाही.

“थोडं थांबू,” ती म्हणाली.

थांबले. थंडीनं सूर्यभानचे दात वाजायला लागले. रमजान आभाळाकडे बघून चुकचुकला. पाऊस आला तर घोडी घसरतील, म्हणाला.

“जरा थांबा की वो! भाऊ हाय माझा. एवढ्या लांबून आले, तोंड तरी दावंल.”

दाखवलं नाही. शेवटी तिनं गाठोडं सोडलं आणि लाह्या पाण्यात सोडल्या. त्या जरा वेळ काठाशीच डुचमळल्या, मग एकेक करत धुक्यात गेल्या. तिनं बोट बुडवलं. चटकन ओढून घेतलं.

आणि मग तिला रडू फुटलं. सूर्यभानला वाटलं, भक्तीनं रडायलीय. कसली भक्ती? राग होता तो. ती पार्वती तंबूत बसून सगळं बघून गेली, निळं पाणी बघितलं, सात फडे बघितले; आणि मी मरत मरत इथं आले तर माझ्यासाठी हे धुवण! चार भाऊवालीला न येता दर्शन, आणि मला येऊनही नाही.

दोघं पूर्णेला परतली तोवर श्रावण लागला होता. क्वार्टरांमागच्या लिंबाला झोके बांधले गेले. पंचमीला दोन दिवस होते, बायका फेर धरायला जमल्या होत्या. झोक्यावर पार्वतीबाई बसली होती. कुसुमबाई आली तशी तिनं पाय टेकवून झोका थांबवला.

“आल्या, आल्या!” लक्ष्मीबाई पुढं धावली. “कुसुमबाई, तुमी बी सांगा ना वो. कसं हाय तळं?”

सगळ्या गोळा झाल्या. पार्वतीबाईनं झोक्याची दोरी दोन्ही हातांनी धरली होती.

“खाली... त्या चहाच्या तंबूत थांबला व्हता का?” तिनं विचारलं. आवाज नेहमीचा नव्हता.

“थांबले की. लाह्या बी दिल्या त्याला. त्याला ठावं व्हत्या, ज्वारीच्या लाह्या.”

पार्वतीबाईचं तोंड चुन्यासारखं पांढरं झालं. कुसुमबाईनं ते डोळे भरून बघितलं. डोंगरावर घोकलेलं वाक्य जिभेच्या टोकावर होतं, आता नुसतं सोडायचं होतं.

“सांगा की,” लक्ष्मीबाई म्हणाली. “तुमाला दिसला का भाऊ?”

ते वाक्य तिथंच अडलं. पार्वतीला उघडं पाडायचं, तर मग आपण काय पाहिलं तेही सांगावं लागणार. धुकं होतं म्हणून सांगायचं? एवढ्या बायांपुढं, भावानं तोंड दाखवलं नाही म्हणून सांगायचं?

“निळं हाय,” कुसुमबाई म्हणाली. “पार्वतीबाई म्हणत्यात तसंच. निळीवानी.”

“अन् शिखरं?”

“सात.”

बायका फेराला लागल्या. कुसुमबाई तशीच घरी आली आणि तिनं स्वतःच्याच नावानं भांडी आपटली. हातात आलेला सूड सोडला आणि वर त्या बयेची साक्ष काढून आली! सूर्यभाननं विचारलं, काय झालं? “तुमचं डोंबल झालं,” ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी घुंगरमाळा वाजल्या. पिंगळीची गाडी आली. कुसुमबाईनं ठरवलं होतं, या वर्षी दारात जायचंच नाही. ती चुलीपुढं बसून राहिली. तर आवाज तिच्याच दारापाशी आला.

“आक्का! हाव का घरात?”

पार्वतीबाईचा धाकटा भाऊ रंगनाथ उंबऱ्यापाशी उभा होता. वहाणा बाहेर काढलेल्या, डोक्याला नवा पटका.

“चला आक्का. मूळ आलंय.”

“कुणाला?”

“तुमालाच. पंचमीला पिंगळीला चला.”

“बहिणीनं धाडलं व्हय?”

रंगनाथ गडबडला. “हौ... पर मला बी वाटलं.”

वाटलं म्हणे! कुसुमबाईला काय कळत नव्हतं? तोंड बंद ठेवल्याची लाच होती ती. आणली कुठून, तर चार भावांतून एक काढून दिला. असलेल्याला द्यायला काय जातंय? दोन शब्द सुनवून परत पाठवावं म्हणून ती उठली. पण एवढ्या वर्षांत तिच्या दाराशी येऊन मूळ आलंय असं कुणी म्हटलं नव्हतं. तिनं चौकट धरली.

“जा की,” आतून सूर्यभान म्हणाला. “भाकरी माझी मी थापतो.”

लाह्यांच्या त्याच पांढऱ्या फडक्यात तिनं दोन लुगडी बांधली. रंगनाथनं हात दिला, ती गाडीत चढली. पार्वतीबाई तिच्याकडे न बघता बाजूला सरकली. दोघी समोरच्या बैलांच्या पाठी बघत होत्या.

“घोड्यावर बसलात?” पार्वतीबाईनं हळूच विचारलं.

“बसले.”

“भ्या न्हाई वाटलं?”

“लय वाटलं.”

गाडी हलली. सगळी क्वार्टरं दारात आली होती. लक्ष्मीबाईही होती. तिची पहिलीच पंचमी सासरी, आणि माहेरहून कुणी येणार नाही असा सांगावा आला होता. दाराला टेकून ती हसत होती, हात हलवत होती. ते हसू कुसुमबाईनं बघितलं आणि मान खाली घातली.

गाडी नळापाशी वळली. मागून पितळी भांडं आपटल्याचा आवाज आला.

“काय पडलं वो?” रंगनाथनं विचारलं.

“काय न्हाई,” कुसुमबाई म्हणाली. “हाक तू.”