ओंजळीतला उजवा हात

"संचिता, तुझ्या ओहायोच्या आजी परत आल्या," मेघनाने खुर्ची जवळ ओढत सांगितलं. "हात मोडलेल्या. तू अजून त्यांना बऱ्याच करत बसलीयस."

संचिताने जीभ चावली. वागळे इस्टेटमधल्या ऑफिसात बसून अमेरिकेतल्या माणसांची दुखणी कोडमध्ये मांडायची, हे तिचं काम. तिकडच्या डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं, प्रत्येक दुखण्याला ठरलेला कोड लावायचा. पुढे हॉस्पिटल आणि विमा कंपनी आपसात काय तो वाद घालतात. मेघना तिची तपासनीस. तोंडाची फटकळ, पण कुणाची चूक कधी चारचौघांत काढायची नाही.

"हाड जुळलंय असं लिहिलंय ना? म्हणून नंतरच्या तपासणीचा, फॉलोअपचा कोड टाकलेला मी."

"अगं, ते जुळलं मागच्या वर्षी. आत्ता कशाला आल्यात त्या? पुढे वाच ना. तळवा वर वळत नाही, दुकानात सुटे पैसे घेतले की खाली पडतात. म्हणजे फ्रॅक्चर संपलं आणि मागे हे राहिलं. जे राहिलंय ते आधी लिहायचं, कशामुळे राहिलं ते नंतर. ट्रेनिंगला झोपलेलीस काय?"

संचिताने कोड बदलला. आधी हाताचा आखडलेपणा, त्याखाली जुनं फ्रॅक्चर, आणि त्याच्या शेपटाला इंग्रजी एस. बरं होऊनही मागे काही उरलं, की हा एस लागतो.

जेवणाच्या सुट्टीत श्रियाचा फोन आला. श्रिया तिची नणंद. तिला सातवा महिना लागला होता आणि रविवारी कोपर गावी, माहेरी तिचं डोहाळजेवण ठरलं होतं.

"वहिनी, मी येत नाही रविवारी."

"का गं? काय झालं?"

"आईला विचार. म्हणते, ओटी तुझ्या सासूला भरू दे, मी बाजूला बसते. साईनाथशी लग्न केलं ते अजून मनात धरून आहे ती. दोन वर्षं झाली, वहिनी! नुसतं वरवर गोड बोलायचं, मग बोलावता कशाला?"

संचिताने तिची समजूत घातली, पण तिलाही कोडं पडलं. सासूबाई, म्हणजे रखमाबाई, त्या लग्नानंतर सहा महिने लेकीशी बोलल्या नव्हत्या, हे खरं. पण आता जावयाचं नाव काढलं तरी कौतुक सुरू. आठवडाभर डिंकाचे लाडू वळण्यासाठी घर डोक्यावर घेतलं होतं आणि आयत्या वेळी ते वळले मात्र संचिताने. लाडू.

चमचा डब्यातच राहिला. बाजारात भाजीवाला सुटे पैसे द्यायला लागला की रखमाबाई पिशवीचं तोंड उघडून धरतात. गणपतीत तीर्थ घ्यायला त्या पुढे आल्याच नाहीत. गेल्या पावसाळ्यात मोरीत पडून त्यांचा उजवा हात मनगटाच्या वर मोडला होता. प्लास्टर निघालं, डॉक्टर म्हणाले हाड मस्त जुळलं, आणि घरादाराने तो विषय मिटवून टाकला. पोळ्या लाटणं, कपडे घासणं, केर काढणं, सगळं पूर्वीसारखं चाललं होतं. ती सगळी कामं तळवा खाली ठेवून होतात. संचिताला स्वतःचीच लाज वाटली.

संध्याकाळी घरी आल्यावर तिने खिरीसाठी काढलेले चार बेदाणे उचलले.

"आई, हात करा बघू पुढे."

रखमाबाईंनी डावा हात केला.

"उजवा."

मग उजवा हात पुढे आला तो उभाच, अंगठा वर, हस्तांदोलनाला केल्यासारखा. त्यांनी कोपर बाहेर काढलं, खांदा पाडला, तरी तळवा काही वर होईना.

"इतकाच वळतो मेला," त्या म्हणाल्या. "मालिश करून बघितली. तुमच्या जिवाला घोर नको म्हणून बोलले नाय."

"आणि ओटी?"

"ओंजळ होत नाय गो माझी. तांदूळ सांडले म्हणजे? सातवा महिना पोरीला. भरल्या ओटीला अपशकुन मी करू?"

"तिला वाटतंय तुम्ही रागावलाय."

"वाटू दे. रागावलेली आई तिला सवयीची आहे. हा हात बघितला तर रडत बसेल. तू सांगायचं नाय हां तिला. माझी शपथ."

शपथेपुढे संचिता काय करणार? तिने श्रियाला एवढंच कळवलं, "माझ्यासाठी ये. नाही आवडलं तर भांड माझ्याशी."

श्रिया आली, हिरवी साडी नेसून, तोंड फुगवून. पाटावर बसली. तिच्या सासूबाईंनी, म्हणजे सुहासिनीताईंनी, ओटी भरली. शेजारच्या दोघींनी भरली. रखमाबाई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहून ज्याला-त्याला "खीर घ्या" म्हणत होत्या. श्रिया त्यांच्याकडे बघतच नव्हती.

"आई, आता आपण," संचिता म्हणाली आणि त्यांना हाताला धरून पुढे घेऊन आली. रखमाबाईंनी डोळे वटारले. संचिताने ते पाहिलंच नाही असं केलं. त्यांच्या डाव्या तळव्याला तिने आपला उजवा तळवा करंगळीशी करंगळी लावून जोडला आणि सुहासिनीताईंना म्हणाली, "घाला तांदूळ यात."

सासूचा एक तळवा, सुनेचा एक, अशी ती ओंजळ तयार झाली. रखमाबाईंचा उजवा हात कुठे जावा ते न कळून संचिताच्या मनगटावर पालथा पडून राहिला. श्रियाने पदर पसरला. दोघींचे हात एकदम वळले नाहीत. तांदूळ थोडे पदरात पडले, थोडे पाटावर.

"सांडले बघ," रखमाबाई कळवळल्या.

श्रिया त्या पालथ्या हाताकडे बघत होती. तिने तो धरला, हळूच वळवून बघितला. निम्म्यावर अडला.

"जुळलेलं ना गं हे?"

"जुळलंय. वळत नाय."

"म्हणून तू..." श्रियाने तो हात सोडला नाही. "मी काय काय बोलले तुला मनातल्या मनात."

"बोल की. मनातलं कुठं ऐकू येतं मला?"

श्रियाने पाटावरचे तांदूळ वेचून पदरात टाकले आणि पाया पडायला वाकू लागली.

"वाकू नको, पोट दुमडेल," रखमाबाई ओरडल्या.

तिने बसल्या जागीच मान खाली केली. रखमाबाईंचा उजवा हात उचलला गेला आणि अगदी सरळ, कुठेही न अडता, लेकीच्या डोक्यावर येऊन टेकला.