न्हा इदालीनाचं मरण

न्हा इदालीनाला अदेरितो आठवड्यातून चार वेळा मारायचा, आणि तेही तिच्या संमतीने.

कामच तसं होतं. सकाळी बेटाच्या किनाऱ्यावरच्या साओ फिलीपहून पाहुणे गाडीत भरायचे, वळणं घेत घेत ज्वालामुखीभोवतीच्या कड्याच्या आत आणायचे, ज्वालामुखीच्या टोकाकडे बोट दाखवायचं, छोट्या शंकूवर चढवून गरम वाफेच्या भेगांवर हात धरायला लावायचे, काळ्या राखेच्या उतारावरून पळत खाली आणायचे. आणि जेवणाआधी शेवटचा मुक्काम, पोर्तेला गाव जिथे होतं तिथला लावा. तिथे एका घराचं छप्पर तेवढं दगडातून वर राहिलेलं आहे. छपरापाशी उभं राहून अदेरितो आवाज खाली आणायचा. "या घरात इदालीना फोंतेस नावाची बाई राहत होती. सगळं गाव निघालं, ती निघाली नाही. म्हणाली, माझा मुलगा परत येईल तेव्हा दाराला कुलूप दिसायला नको. लावा अंगणात आला तेव्हा ती चुलीपाशी बसून वाल निवडत होती."

एवढं झालं की बायका डोळे पुसायच्या, पुरुष टोपी काढायचे, आणि संध्याकाळी बक्षिशी चांगली व्हायची. खरं तर त्या उद्रेकात गावातलं माणूस सोडाच, न्हा इदालीनाची शेळीसुद्धा मेली नव्हती. ही म्हातारी, जिला सगळं गाव मानाने न्हा म्हणायचं, पहिल्याच ट्रकमध्ये चढून बसली होती, मांडीवर वालाचं पोतं घेऊन. पुढे गाव परत आलं, लावा निवला न निवला तोच त्याच्यावरच घरं उभी केली. हिचं नवं घर छपरापासून दहा मिनिटांवर. मागच्या खोलीची जमीन अजून कोमट लागते, तिथे ती शेंगा वाळत घालते. पाहुण्यांना जेवण तीच वाढायची, आणि आपण ज्या बाईसाठी मघाशी रडलो तिच्याच हातचा जगासिदा, म्हणजे वालभात, आपण मिटक्या मारत खातोय, हे पाहुण्यांना कधी कळायचं नाही.

ही थाप अदेरितोच्या डोक्यातून निघालेली नव्हती. ती म्हातारीची. मुलगा वाल्दो तिशीच्या आत बोटीवर गेला, रॉटरडॅमला उतरला आणि तिकडचाच झाला. बाप वारला तेव्हाही आला नाही. त्यावरून मायलेकांचं फोनवर वाजलं, मग बोलणंच तुटलं, आणि मग लावा आला. टेलिफोन गेला, दार गेलं, पत्ता गेला. वाल्दो तिकडे आपल्या माणसांत मिसळत नव्हता, त्यामुळे निरोप तरी कुणाकरवी धाडणार?

"जिवंत आईसाठी लेकाला सवड नसते," ती अदेरितोला म्हणाली होती. "मेलेल्या आईसाठी यावंच लागतं. आमच्यात माणूस कुठेही असो, घरच्या मढ्यासाठी दारात येऊन, नाव घेत, गळा काढून गिझा करावीच लागते, नाहीतर त्याला लोक माणूस म्हणत नाहीत. तू मला मार. माझं नाव घेऊन मार. देशोदेशीची माणसं येतात तुझ्याकडे. बातमी पोचेल त्याच्या कानावर. येईल छाती पिटत. मग दारातच कान धरते की नाही बघ."

अदेरितोला ते पटलं. कथाही झकास होती, नाही कशाला म्हणायचं? सहा वर्षं तो ती सांगत होता.

त्या दिवशी सकाळी गाडी वर आली तेव्हा सवयीप्रमाणे तो तिच्या दारात डोकावला.

"न्हा, आज नऊ पानं."

"रॉटरडॅमचं कुणी आहे का?"

"नावं कुठे देतो हॉटेलवाला? आकडा देतो."

"मग नीट मार हो. गेल्या खेपेला फार घाईत मारलंस. लोक कोरडे ठणठणीत जेवायला आले. रडलेलं माणूस दोन घास जास्त खातं."

"तुम्ही मरायला एवढ्या उत्सुक, तर एकदा खऱ्याच मरून बघा की."

"तुला वाढणार कोण मग, मेल्या? चल निघ, ऊन चढतंय."

तो हसत गाडीकडे आला. नऊ जणांत एक जर्मन जोडपं, चार फ्रेंच, दोन पोर्तुगीज पोरी, आणि मागच्या बाकावर एकटी बसलेली एक मुलगी, बाविसेक वर्षांची, काळ्या कपड्यांत. रंगाने इकडची, बुटांवरून तिकडची. वाटेत इतरांनी फोटोंचा सपाटा लावला होता, हिने फोन बाहेरच काढला नाही. भेगांपाशी सगळे ओरडून हात मागे घेत होते, ही नुसती उभी. अदेरितोने एकदा आपल्या क्रिओल बोलीत विचारलं, "काय गं, आवडत नाही का आमचा डोंगर?" तिने अडखळत त्याच बोलीत उत्तर दिलं, "छप्पर कधी येणार?" छपराची कीर्ती झाली म्हणायची, असं वाटून तो मनात खूशच झाला.

छपरापाशी त्याने त्या दिवशी जीव ओतला. म्हातारीने सांगितलं होतं ना नीट मार म्हणून. वाल निवडले, कुलूप झालं, लावा अंगणात आला. जर्मन बाईने नाक ओढलं. आणि तेवढ्यात ती काळ्या कपड्यांतली मुलगी पुढे आली, छपराशेजारी दगडांवर गुडघे टेकले, दोन्ही हात डोक्यावर घेतले आणि गिझा सुरू केली.

अदेरितोच्या अंगावर काटा आला. परक्या देशात वाढलेली ही पोर, शब्द मोडके, पण चाल अगदी बरोबर. इदालीना, माझ्या बापाची आई. इदालीना, तुझा हात मी कधी धरला नाही. इदालीना, तुझ्या दाराला कुलूप नव्हतं आणि आम्ही आलो नाही.

पुरुषांनी टोप्या काढल्या. अदेरितोला मात्र क्षणभराने सगळं उमगलं आणि आनंदाने त्याचं काळीज उड्या मारायला लागलं. वाल्दोची मुलगी! लागला मासा गळाला! सहा वर्षांनी का होईना, म्हातारीचं खरं झालं. हिच्या मागोमाग बापही बेटावर असणार, लाजून साओ फिलीपला थांबला असणार. तो धावत गेला, तिच्याजवळ उकिडवा बसला, पाहुण्यांना ऐकू जाऊ नये म्हणून कानाशी तोंड नेलं.

"अगं वेडे, रडू नकोस. जिवंत आहे तुझी आजी. धडधाकट आहे. हे काय, पलीकडे तुमचंच जेवण रांधतेय."

त्याला वाटलं, ती उडी मारेल, मिठी मारेल, निदान दोन शिव्या देईल. मुलीचा आवाज मध्येच तुटला. तिने त्याच्याकडे बघितलं आणि तिच्या चेहऱ्यावरचं रक्त उतरत गेलं, ओठांपर्यंत.

"काय म्हणालात?"

"गोष्ट आहे गं ती. तुझ्या आजीनेच सांगायला लावलेली. तुझे बाबा यावेत म्हणून."

"बाबांनी तुमचा व्हिडिओ पाहिला होता," ती म्हणाली. एकेक शब्द शोधून म्हणाली, आणि त्यामुळे एकेक शब्द जास्तच लागला. "कुणीतरी फोनवर पाठवला. तुम्हीच होतात. हेच छप्पर. तुम्ही नाव घेतलंत."

"मग? कुठे आहेत ते?"

"त्यांनी तिकीट काढलं होतं. मे महिन्यातल्या निशाणाच्या सणाला येणार होते. आईच्या पाया पडतो म्हणाले. आणि एप्रिलमध्ये हा व्हिडिओ आला." तिने छपरावर हात ठेवला. "तिकीट रद्द केलं. सात दिवस घरात बसले. दोन वर्षं झाली त्याला. या मार्चमध्ये बाबा गेले. हृदयाने. आजी मेली असंच समजून गेले."

अदेरितो छपराचीच कड धरून उठला. लावा येताना त्याने पाहिला होता, आपलं स्वतःचं घर त्यात जाताना पाहिलं होतं, पण तेव्हाही असं वाटलं नव्हतं. तेव्हा निदान ते डोंगराने केलं होतं. सहा वर्षं आपण इथे उभं राहून आवाज खाली आणत होतो, आणि त्यातला एक दिवस थेट वाल्दोच्या घरात जाऊन पडला होता. कोणता दिवस? त्या दिवशी बक्षिशी किती मिळाली होती? असलं काहीतरी भलतंच डोक्यात आलं आणि त्याला स्वतःची किळस आली.

"तुझं नाव काय?" एवढंच त्याने विचारलं.

"सुएली."

"सुएली, तिला सांगावं लागेल. मी सांगतो. माझंच पाप आहे, मीच सांगतो."

पुढची दहा मिनिटं पाहुणे मागून बडबडत येत होते. जर्मन बाईने सुएलीच्या खांद्याला हात लावून "फार भावुक आहेस गं" असं काहीतरी म्हटलं. अदेरितो मनाशी वाक्यं जुळवत होता. आधी पाणी द्यायचं. मग बसवायचं. मग हळूच. पण त्याला येणारी प्रत्येक वाक्यरचना छपरापाशीच घडलेली होती, आणि तो एकेक जुळवून टाकून देत होता.

म्हातारी दारातच उभी होती, हातात पळी. पाहुणे अंगणातल्या बाकांवर बसले. तिने नेहमीप्रमाणे त्याला डोळा मारला.

"कशी मेले आज?"

म्हातारीची नजर त्याच्या मागे गेली, सुएलीवर थांबली. हनुवटीवर थांबली. पळी खाली आली.

"ही हनुवटी माझ्या घरची आहे," ती हळू म्हणाली, आणि मग ओरडलीच, "अदेरितो! ही वाल्दोची! सांग, वाल्दोची ना?"

"हो, न्हा. आधी आत चला."

"काय सांगत होते मी! काय सांगत होते!" तिने सुएलीला ओढून थेट मागच्या खोलीत नेलं, कवटाळलं, चेहरा हातांत धरला, पुन्हा कवटाळलं. "आईच्या मढ्यासाठी येतोच लेक! कुठे लपलाय? गाडीत? लाजतोय ना? येऊ दे, कान पिळते त्याचा, मग जेवू घालते. केवढी झालीस गं तू. बोलत का नाहीस? बोली येत नाही का? बापाने शिकवली नाही? त्यासाठी वेगळा कान पिळीन."

"न्हा," अदेरितो म्हणाला, "बसा."

"बसते कशाला?"

"वाल्दो गेला, न्हा. मार्चमध्ये."

म्हातारीने त्याच्याकडे बघितलं आणि ती हसली. खदखदून हसली.

"अरे चोरा! माझ्यावरच माझा डाव? मी मेले, आता त्यालाही मारलास? कसा मेला? वाल निवडत होता का तो?"

"खरं सांगतोय मी."

"तू खरं सांगतोस तेव्हा असाच आवाज खाली आणतोस. मी ऐकलाय की."

या घरात आपल्या शब्दाला कवडीची किंमत उरलेली नाही, हे त्याला त्या क्षणी कळलं, आणि ती आपणच घालवली हेही. तो सुएलीकडे वळला. सुएलीने म्हातारीचे दोन्ही हात धरले. ती काही सांगत नव्हती, नुसती बघत होती, आणि तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. म्हातारीचं हसू तिच्या तोंडावर तसंच राहिलं, विझायला त्याला बराच वेळ लागला.

"खरं?" तिने नातीला विचारलं.

"खरं, आजी."

म्हातारी खाली बसली, त्या कोमट जमिनीवर, वाळत घातलेल्या शेंगांमध्येच. मग तिने एकच विचारलं, आणि अदेरितोला ज्याची भीती होती तेच विचारलं.

"माझी बातमी त्याला पोचली होती?"

खोटं बोलायला हीच जागा होती. नाही म्हटलं असतं तर म्हातारी त्या एका शब्दावर उरलेले दिवस काढू शकली असती. अदेरितोने सुएलीकडे बघितलं. त्याच्या जिभेवर ते 'नाही' आलंही होतं. पण सुएलीने आधीच होकाराची मान हलवली होती.

"पोचली होती. तिकीट काढून बसले होते तुमच्याकडे यायला, ते रद्द केलं. मी म्हटलं, बाबा, निदान छपरापाशी रडून येऊ. ते नाही म्हणाले." ती थांबली. "म्हणाले, आईनेच सांगितलंय. आजोबा गेले तेव्हा. मी मेले तरी माझ्या दारात रडायला येऊ नकोस, म्हणाली होती. तिचा शेवटचा शब्द आहे माझ्याशी. तो मोडायचा नाही."

न्हा इदालीनाने कपाळावर हात मारून घेतला, एकदा, मग दुसऱ्यांदा.

"तो शब्द नव्हता गं," ती म्हणाली. "तो राग होता. राग का कुणी पाळतं?"

चुलीवरचं पातेलं उतू जात होतं, कुणी उठलं नाही. मग म्हातारीने खांद्यावरचं फडकं मयतात ओढतात तसं डोक्यावर ओढलं, दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली आणि उंबऱ्यात येऊन हाक मारली. वाल्दो. पहिली हाक घशातच फाटली. दुसरी कड्यापर्यंत गेली. शेजारच्या घरांतून बायका बाहेर आल्या, म्हातारीच्या डोक्यावरचं फडकं त्यांनी पाहिलं आणि हातातली कामं टाकून त्या धावत निघाल्या.

अंगणातल्या बाकांवर पाहुणे उठून उभे राहिले होते. एक फ्रेंच माणूस दबक्या आवाजात "वा!" म्हणाला. जर्मन बाईने फोन वर धरला होता, तिचे डोळे चमकत होते.

"काय आवाज आहे!" ती अदेरितोला म्हणाली. "हे सहलीत धरलेलं आहे का? कोण आहे ही?"

अदेरितोने फोनवर हात ठेवला.

"इदालीना फोंतेस."

"म्हणजे? छपराखालची?" बाई गोंधळली. "पण ती तर मेली ना? मघाशी तुम्हीच सांगितलंत."

"मीच सांगितलं," अदेरितो म्हणाला, आणि तिच्या फोनसमोर तसाच उभा राहिला.